पंडितवादाने की राजवादाने? तत्त्वज्ञानाचा ग्रंथ मराठीत आणू पाहणाऱ्यांसाठी

मिलिंद राजाने वादासाठी बोलावले, तेव्हा नागसेन भिक्षूने आधी एक अट घातली. महाराज पंडितवादाने बोलणार असतील तर आपण बोलू, राजवादाने बोलणार असतील तर नाही. दोहोंत फरक काय, असे राजाने विचारल्यावर नागसेनाने सांगितले की, पंडितांच्या वादात गुंडाळणे असते, उलगडणे असते, खंडन असते, आपली चूक मान्य करणे असते आणि इतके होऊनही पंडित रागावत नाहीत. राजे मात्र एखादे विधान करतात आणि ज्याला ते पटत नाही त्याला दंड करण्याची आज्ञा देतात. हा प्रसंग ‘मिलिंदपञ्ह’ या पाली ग्रंथातला आहे आणि त्यातला मिलिंद म्हणजे इसवी सनपूर्व दुसऱ्या शतकातला ग्रीक राजा मिनँडर. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने १९५० मध्ये औरंगाबादेत सुरू केलेल्या महाविद्यालयाला त्याच राजाचे नाव आहे आणि त्याच्या परिसराला नागसेनवन म्हणतात. (शहराचे नाव आता छत्रपती संभाजीनगर आहे, १९५० ची गोष्ट सांगताना मी त्या वेळचे नाव लिहिले. असा निर्णय अनुवादकाला पानोपानी घ्यावा लागतो आणि तो कोणत्या नियमाने घेतला हे वाचकाला कळले पाहिजे.)

अनुवादक आपल्या टेबलाशी राजाच असतो. मूळ लेखक बहुधा हयात नसतो, असला तरी त्याला मराठी येत नसते, आणि वाचकाजवळ ताडून पाहायला मूळ ग्रंथ नसतो. त्यामुळे अनुवादकाने निवडलेला प्रत्येक शब्द आज्ञेसारखा चालून जातो. लेखकाने स्वतःला एखाद्या पक्षाशी, राजवटीशी किंवा चळवळीशी बांधून घेतलेले असेल, आणि अनुवादकानेही आपल्या परीने तसेच केलेले असेल, तर हा राजवाद फार लवकर सुरू होतो आणि बहुतेक वेळा करणाऱ्याच्या लक्षातही येत नाही. मराठवाड्यातल्या एका महाविद्यालयात तत्त्वज्ञान शिकवताना मी असे काही मजकूर मराठीत आणले, त्यात चुका केल्या, आणि त्या चुकांमधून कामाची जी पद्धत बसत गेली ती येथे सांगतो.

मजकूर कितव्या हाताने येतो आहे

पहिले काम हे की, आपल्या हातातला मजकूर मूळ आहे की अनुवाद, आणि अनुवाद असेल तर कितवा, हे वहीत लिहून ठेवावे. पाश्चात्य तत्त्वज्ञान आपल्याकडे बहुतांशी इंग्रजीवाटे येते, मग लेखक जर्मन असो, फ्रेंच असो किंवा ग्रीक. यात लाजण्यासारखे काही नाही, पण ते मुखपृष्ठाच्या आत स्पष्ट छापलेले असावे.

हातोहात प्रवास करताना विचाराचे काय होते, याचे एक उदाहरण आपल्या अगदी जवळ आहे. शाहजहानचा थोरला मुलगा दारा शुकोह याने काशीच्या पंडितांच्या साहाय्याने १६५७ मध्ये पन्नास उपनिषदांचे फारसी भाषांतर पूर्ण केले आणि त्याला ‘सिर्र-ए-अकबर’ (सर्वांत थोर रहस्य) असे नाव दिले. कुराणात ज्या गुप्त ग्रंथाचा उल्लेख आहे तो ग्रंथ म्हणजे उपनिषदेच, असे त्याने प्रस्तावनेत मांडले. त्याआधीच्या आपल्या ग्रंथात त्याने ब्रह्मा, विष्णू आणि महेश यांची सांगड जिब्राईल, मिकाईल आणि इस्राफील या देवदूतांशी घातली होती. ही शब्दांची निवड होती आणि त्याच वेळी ते एक राजकीय विधानही होते. हिंदुस्थानची सत्ता कोणत्या समजुतीवर उभी राहावी, याचे उत्तर त्यात होते. दोनच वर्षांनी, १६५९ मध्ये, धर्मत्यागाचा ठपका ठेवून त्याला मारण्यात आले. भांडण अर्थातच गादीचे होते. तरी भाषांतर पुराव्यासारखे वापरता आले, हे विसरू नये. ज्या भावाने त्याला मारवले, त्या औरंगजेबाची साधी कबर खुलताबादला आहे. पुढे त्याच फारसी मजकुरावरून आंकेतिल द्यूपेरों या फ्रेंच पंडिताने १८०१-०२ मध्ये लॅटिन भाषांतर छापले आणि ते वाचून जर्मन तत्त्वज्ञ शोपेनहौअर उपनिषदांचा भक्त झाला. त्याच्या हाती आलेले उपनिषद तिसऱ्या भाषेतले होते आणि त्यात दाराची निष्ठा मुरलेली होती. आज आपण शोपेनहौअर मराठीत आणतो, तेव्हा संस्कृतातून निघालेला शब्द फारसी, लॅटिन, जर्मन आणि इंग्रजी असा फिरून घरी परत येतो. त्याला पाहताक्षणी ‘हा तर आपलाच’ म्हणून जुना संस्कृत शब्द चिकटवण्याचा मोह होतो. तो टाळावा. मधल्या प्रवासात त्याला जे लागले आहे तेही त्याचेच आहे.

मूळ भाषा येत नसेल, तर निदान दोन वेगवेगळ्या काळांतले इंग्रजी अनुवाद शेजारी ठेवावेत. जेथे ते दोघे एकमेकांशी भांडतात, तेथे मूळ शब्द अवघड आहे असे समजून तो वहीत उतरवावा. जर्मन तत्त्वज्ञ हेगेलच्या १८०७ च्या ग्रंथातला ‘गाइस्ट’ हा शब्द १९१० च्या इंग्रजी अनुवादात ‘माइंड’ झाला आणि १९७७ च्या अनुवादात ‘स्पिरिट’. मराठीत पहिल्यावरून चाललो तर ‘मन’ येते, दुसऱ्यावरून चाललो तर ‘आत्मा’ किंवा ‘चैतन्य’. ‘आत्मा’ लिहिताक्षणी हेगेल वेदान्ती होतो आणि आपल्या वाचकाला पुढची दोनशे पाने आधीच समजल्यासारखी वाटू लागतात. त्या सोयीची किंमत अशी की, हेगेलच्या या शब्दात राज्यसंस्था, कायदा, कुटुंब आणि इतिहास येतात, तर आपला आत्मा या सगळ्यांपासून अलिप्त असतो.

लेखकाच्या निष्ठांचा कालपट

दुसरे काम अनुवादाला हात घालण्यापूर्वी करायचे. एका पानावर लेखकाच्या आयुष्यातल्या तारखा आणि समोर त्याच्या ग्रंथांच्या आवृत्त्यांच्या तारखा लिहाव्यात. हे चरित्र लिहिण्यासाठी नसून, आपल्या हातातली आवृत्ती कोणत्या राजवटीत छापली गेली हे कळण्यासाठी आहे.

जर्मन तत्त्वज्ञ मार्टिन हायडेगरचे उदाहरण घेतल्यावाचून या विषयावर बोलता येत नाही. १९३३ च्या एप्रिलमध्ये तो फ्रायबुर्ग विद्यापीठाचा रेक्टर झाला, १ मे रोजी नाझी पक्षाचा सभासद झाला आणि २७ मे रोजी त्याने रेक्टरपदाचे भाषण केले. वर्षभरात त्याने पद सोडले, पण सभासदत्व १९४५ पर्यंत राहिले. १९२७ मध्ये प्रसिद्ध झालेला त्याचा मुख्य ग्रंथ त्याने आपले गुरू हुसर्ल यांना अर्पण केला होता. हुसर्ल जन्माने ज्यू होते. १९४१ च्या आवृत्तीतून ही अर्पणपत्रिका गेली; आतल्या पानावरची ऋणनिर्देशाची तळटीप मात्र राहिली. कोणी केवळ १९४१ ची प्रत समोर ठेवून अनुवाद केला, तर एक शब्दही न चुकता त्याच्या हातून इतिहास गाळला जाईल. आणखी एक जागा याहून अवघड आहे. १९३५ ची व्याख्याने १९५३ मध्ये छापताना त्याने ‘या चळवळीचे आंतरिक सत्य आणि थोरवी’ हे शब्द तसेच ठेवले आणि पुढे कंसात, आपल्याला तंत्रविज्ञान व आधुनिक मनुष्य यांची गाठ अभिप्रेत होती, असा खुलासा छापला. हा कंस मुळातच होता असे त्याचे म्हणणे. पुष्कळ अभ्यासकांना तो नंतरचा वाटतो. पुढे मोठा तत्त्वज्ञ झालेल्या तरुण हाबरमासने त्याच वर्षी वृत्तपत्रातून यावर बोट ठेवले होते. अनुवादकाने अशा वेळी काय करावे? कंस गाळू नये, कंस वाक्यात मुरवून सफाईदार तर मुळीच करू नये. कंस कंस म्हणूनच ठेवावा आणि त्यावरचा वाद तळटिपेत सांगावा.

या माणसाबद्दल आणखी एक गोष्ट अनुवादकाच्या कामाची आहे. ग्रीक शब्द लॅटिनमध्ये गेले तेव्हाच पाश्चात्य विचाराची मुळे सुटली, असे त्याचे मत होते. १९६६ मध्ये दिलेल्या आणि मरणानंतर १९७६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या मुलाखतीत तो म्हणाला की, फ्रेंच लोक विचार करू लागले की जर्मन बोलू लागतात. विचार करण्याची पात्रता दोनच भाषांना वाटून देणारे हे तत्त्वज्ञान आणि एका वंशाला श्रेष्ठ ठरवणारे ते राजकारण यांचे नाते कसे आहे, यावर पुस्तके लिहिली गेली आहेत आणि दोन्ही बाजूंनी लिहिली गेली आहेत. मला स्वतःला ते नाते आकस्मिक वाटत नाही. तरी त्याचा परिच्छेद मराठीत आणताना माझ्या या मताने एकाही क्रियापदाला हात लावता कामा नये.

याच्या उलट बाजूची चूकही तितकीच वाईट. रेक्टरपदाच्या भाषणात ‘फोल्क’ हा शब्द पुन्हा पुन्हा येतो. तेथे ‘लोक’ लिहिले तर तो वारकऱ्यांचा, लोकशाहीचा शब्द होऊन बसतो आणि भाषण निरुपद्रवी वाटते. ‘वंश’ लिहिले तर आरोपपत्र तयार होते. ‘फ्यूरुंग’ या शब्दाला ‘मार्गदर्शन’ असा सरळ प्रतिशब्द आहे, पण आपल्याकडे पीएच.डी.च्या शिक्षकालाही मार्गदर्शक म्हणतात, त्यामुळे १९३३ च्या जर्मनीत त्या शब्दाला जी धार होती ती पार बोथट होते. मी तेथे ‘नेतृत्व’ लिहिले आणि पहिल्या उल्लेखाला मूळ जर्मन शब्द देवनागरीत देऊन टीप जोडली. ‘फोल्क’साठी शेवटी ‘राष्ट्रजन’ असा थोडा अवघडलेला शब्द ठेवला. वाचक तेथे अडखळतो, आणि अडखळावा अशीच माझी इच्छा होती.

आपल्याच शब्दांच्या निष्ठा

खरा वेळ येथे द्यावा. लेखकाच्या निष्ठा ग्रंथालयात सापडतात. आपल्या शब्दांच्या निष्ठा मात्र तोंडात इतक्या रुळलेल्या असतात की दिसतच नाहीत.

इंग्रजीतल्या ‘राइट’ला मराठीत ‘हक्क’ आणि ‘अधिकार’ असे दोन शब्द सर्रास वापरले जातात. हिंदी संविधानात ‘मूल अधिकार’ आहेत, मराठीत ‘मूलभूत हक्क’. हा भेद मला फार मोलाचा वाटतो. ‘अधिकार’ हा वेदान्तातला जुना पारिभाषिक शब्द आहे. कोणताही ग्रंथ आरंभताना अधिकारी, विषय, संबंध आणि प्रयोजन हे अनुबंधचतुष्टय सांगण्याची पद्धत होती, आणि त्यातला अधिकारी म्हणजे हा ग्रंथ वाचण्यास पात्र असलेला मनुष्य. कोण पात्र आणि कोण अपात्र, याची यादी शतकानुशतके कोणी केली, हे येथे सांगायला नको. व्यवहारातही अधिकारी म्हणजे तहसीलदार, ज्याच्या हातात सही आहे तो. याउलट ‘हक्क’ अरबीतून आला. तेथे त्याचा अर्थ सत्य असाही आहे आणि ज्याचे त्याला देणे असाही. ‘अनल हक’ (मीच सत्य) म्हणणाऱ्या सूफी हल्लाजला ९२२ मध्ये बगदादला मारले ते याच शब्दासाठी. आपल्याकडे हा शब्द बलुतेदाराच्या, वतनदाराच्या दप्तरातून रुळला, म्हणजे त्यालाही जातिव्यवस्थेचा वास आहे; कोणताही शब्द धुतलेला मिळत नाही. तरीही, माणूस म्हणून जन्मल्यामुळेच जे मिळते त्याला ‘अधिकार’ म्हणणे म्हणजे जन्मसिद्ध गोष्टीला पात्रतेची पायरी लावणे होय.

हे मी अनुभवावरून सांगतो. नैसर्गिक हक्कांवरचा एक निबंध मी एका नियतकालिकासाठी मराठीत आणला होता. छापून आल्यावर पाहिले, तर संपादकीय हाताने आरंभापासून अखेरपर्यंत ‘हक्क’चा ‘अधिकार’ केलेला. कारण विचारले तर पहिला शब्द परकी आहे, असे उत्तर मिळाले. ‘गुलामालाही हक्क असतात’ या वाक्याचे ‘गुलामालाही अधिकार असतात’ झाले होते आणि ते वाचून कोणालाही वाटावे की गुलामाच्या हाताखाली चार माणसे आहेत. तेव्हापासून मी हस्तलिखितासोबत संज्ञांची यादी देतो आणि तिच्यातला एकही शब्द मला विचारल्याशिवाय बदलू नये, असे लिहून देतो.

परकी-स्वकीयाचा हा वाद मराठवाड्याला वेगळ्या रीतीने माहीत आहे. निजामाच्या राज्यात हैदराबादला १९१७ मध्ये भाषांतरासाठी दारुत्तर्जुमा स्थापन झाला आणि पुढच्याच वर्षी उस्मानिया विद्यापीठ उर्दू माध्यमातून सुरू झाले. तत्त्वज्ञान ‘फलसफा’ झाले, तर्कशास्त्र ‘मंतिक’ झाले, आणि पाश्चात्य विज्ञान-तत्त्वज्ञानाचे शेकडो ग्रंथ उर्दूत आले. विद्यापीठाचे सर्व शिक्षण एका भारतीय भाषेतून देता येते, हे इतक्या मोठ्या प्रमाणावर तेथे सिद्ध झाले, याचे श्रेय द्यायलाच हवे. पण ज्या राज्यात बहुसंख्य प्रजा तेलुगू, मराठी आणि कन्नड बोलणारी होती, तेथे ही भाषा गादीने निवडली होती, आणि तो सगळा शब्दसंग्रह त्या गादीशी बांधला गेला. १९४८ च्या सप्टेंबरनंतर गादी गेली आणि त्या परिभाषेचा आश्रयही गेला. विद्यापीठ इंग्रजीकडे वळले. आमच्या घरांतल्या म्हाताऱ्यांना मात्र उर्दू येत होती. २०२३ पासून निजामकालीन महसुली नोंदी शोधण्याचे काम निघाले, तेव्हा उर्दू आणि मोडी वाचणाऱ्यांचा शोध सुरू झाला आणि जुन्या कागदावरच्या एका शब्दाच्या वाचनाला किती राजकीय वजन असते, ते सगळ्यांनी पाहिले. म्हणून अरबी-फारसी शब्द दिसला की तो गुलामीची खूण, किंवा संस्कृत शब्द दिसला की ती वर्चस्वाची खूण, असा सरसकट नियम करू नये. प्रत्येक शब्दाचा वेगळा पंचनामा करावा.

संविधानाच्या उद्देशिकेतच असे शब्द हवे तेवढे सापडतात. १९७६ च्या बेचाळिसाव्या दुरुस्तीने आलेल्या ‘सेक्युलर’ला हिंदी पाठात ‘पंथनिरपेक्ष’ म्हटले आहे आणि मराठीत ‘धर्मनिरपेक्ष’. एकाच राज्यघटनेचे दोन पाठ धर्म या शब्दाच्या व्याप्तीबद्दल वेगळे बोलतात, आणि त्यांतला कोणता बरोबर यावर भांडणारे विद्वान बहुधा आपापल्या पक्षाच्या बाजूने उभे असतात. ‘फ्रॅटर्निटी’ला ‘बंधुता’ हा शब्द आता पक्का झाला आहे, तो तसाच ठेवावा. पण फ्रेंच राज्यक्रांतीवरचा मजकूर आणताना हे ध्यानात असावे की, मराठीत बंधू एकत्र आले की त्यातून ‘भाऊबंदकी’ हाही शब्द निघतो आणि तो कोर्टात बांधावरून चालणाऱ्या दाव्यांसाठी वापरला जातो. डॉ. आंबेडकरांनी ३ ऑक्टोबर १९५४ च्या आकाशवाणीवरील भाषणात सांगितले की, स्वातंत्र्य, समता आणि बंधुता हे तीन शब्द आपण फ्रेंच राज्यक्रांतीतून उसने घेतलेले नसून आपले गुरू बुद्ध यांच्या शिकवणुकीतून घेतले आहेत. त्यांच्या नंतरच्या लेखनात मैत्री ही कल्पना याहून व्यापक अर्थाने येते. ती नात्यावर उभी नाही आणि माणसापाशी थांबतही नाही. आंबेडकरांचा इंग्रजी मजकूर मराठीत आणणाऱ्याने ‘धम्म’ आणि ‘धर्म’ यांची सरमिसळ तर कधीच करू नये, कारण त्या एका अक्षराच्या फरकावरच त्यांची मांडणी उभी आहे.

‘इंटेलेक्च्युअल’ला काय म्हणावे, हाही प्रश्न येईलच. ‘विचारवंत’ हा मानाचा शब्द आहे आणि हल्ली तो टोमण्यासारखाही वापरला जातो, ‘बुद्धिजीवी’ हा ‘श्रमजीवी’च्या जोडीने आला, त्यामुळे त्यात वर्गाचा हिशेब आहे, ‘पंडित’ म्हटले की जात डोळ्यांसमोर येते. मूळ फ्रेंच शब्दसुद्धा टोमणा म्हणूनच रुळला. ड्रेफस या ज्यू सैनिकी अधिकाऱ्याला हेरगिरीच्या खोट्या आरोपावरून शिक्षा झाली, त्या प्रकरणात कादंबरीकार झोलाच्या जाहीर पत्रानंतर, १४ जानेवारी १८९८ रोजी, लेखक-प्राध्यापकांचे निषेधपत्र छापले गेले आणि विरोधकांनी त्या सह्या करणाऱ्यांना ‘अँतेलेक्च्युएल’ म्हणून हिणवले. (मराठवाडा विद्यापीठाचा नामविस्तार झाला तोही १४ जानेवारीच, १९९४ चा. योगायोग आहे, पण १९७८ पासूनच्या त्या सोळा वर्षांत येथल्या कोणत्या प्राध्यापकाने कोणत्या निवेदनावर सही केली आणि कोणी केली नाही, हे ज्यांना आठवते त्यांना ड्रेफस प्रकरण समजावून सांगावे लागत नाही.) १९२७ मध्ये फ्रेंच लेखक ज्युलियाँ बेंदाने बुद्धिमंतांवर द्रोहाचा आरोप केला, तेव्हा त्याने वापरलेला शब्द ‘क्लेर’ होता, मध्ययुगात याचा अर्थ धर्मगुरू आणि विद्वान, कारण लिहिता-वाचता येणारे तेच. इंग्रजीत त्याच कुळातला ‘क्लार्क’ उतरला आणि आपल्याकडे तो कारकून झाला. बेंदाचा आरोप असा की, सत्य आणि न्याय या विश्वव्यापी मूल्यांची राखण करणारे लोक राष्ट्राच्या, वंशाच्या आणि वर्गाच्या चाकरीला लागले. मराठीत ‘कारकुनांचा द्रोह’ म्हटले तर हसू येईल, पण बेंदाला जे म्हणायचे होते त्याच्या ते फारसे दूर जाणार नाही.

अमृताच्या ताटातली नरोटी

पैठणला एकनाथांनी शके १५०६ मध्ये ज्ञानेश्वरीचा पाठ शुद्ध केला. तीन शतकांत लोकांनी भक्तीपोटी, हौसेपोटी आपापल्या ओव्या आत घातल्या होत्या. काम संपल्यावर त्यांनी लिहिले: ‘ज्ञानेश्वरीपाठीं । जो ओंवी करील मऱ्हाटी । तेणें अमृताचें ताटीं । जाण नरोटी ठेविली ॥’ नरोटी म्हणजे नारळाची करवंटी. भर घालणाऱ्याची ओवी वाईट असेल असे त्यांनी म्हटलेले नाही. ताट दुसऱ्याचे आहे, एवढेच. हेच एकनाथ भागवताच्या टीकेत ‘संस्कृत वाणी देवें केली । तरी प्राकृत काय चोरापासुनि झाली’ असे विचारतात आणि तेथे मूळ श्लोकांवर स्वतःच्या ओव्यांची रास घालतात. यात विसंगती नाही. तेथे ते टीकाकार आहेत हे वाचकाला ठाऊक असते, येथे ते पाठाचे राखणदार आहेत. आपण यांपैकी कोण आहोत, हे अनुवादकाने पहिल्या पानावर ठरवावे. भावानुवाद करायचा असेल तर करावा, पण मग तसे नाव द्यावे.

भर लहान असली म्हणून निरुपद्रवी नसते. एत्येन दोले या फ्रेंच विद्वान मुद्रकाला १५४६ मध्ये पॅरिसला जाळले. त्याच्यावर आरोप बरेच होते. त्यांपैकी एक असा की, प्लेटोच्या नावावर असलेल्या एका संवादाचे फ्रेंच भाषांतर करताना, मरणानंतर तू नसशील, या अर्थाच्या वाक्यात त्याने ‘काहीच’ या अर्थाचे तीन शब्द वाढवले आणि आत्म्याचे अमरत्व नाकारले. गंमत अशी की, भाषांतर चांगले कसे करावे यावर त्याने सहा वर्षे आधी पुस्तिका लिहिली होती. जाळणाऱ्यांची बाजू कोणी घेणार नाही. तरी भाषांतर म्हणून पाहिले, तर ते शब्द प्लेटोचे नव्हते, हेही खरे आहे.

व्यवहारात नियम सोपा ठेवावा. अनुवादकाला जे म्हणायचे ते तळटिपेत म्हणावे, तळटिपेच्या शेवटी ‘अनु.’ असे लिहावे, आणि मूळ लेखकाच्या टिपांना वेगळी खूण द्यावी. लेखकाचे विधान आपल्याला घृणास्पद वाटत असेल तर ते आणखी स्पष्ट, आणखी सुबक मराठीत उतरवावे, कारण नकळत आपण अशी वाक्ये ढोबळ करतो. लेखक आवडता असेल तर उलट काळजी घ्यावी. मार्क्सच्या ‘ब्युर्गरलिश’ समाजाला कोणी ‘नागरी समाज’ म्हणतो, कोणी ‘भांडवलदारी समाज’. जर्मन शब्दात नागरिक आणि भांडवलदार दोघेही आहेत आणि कोठे कोणता अर्थ पुढे आहे, हे त्या त्या वाक्यावरून ठरवावे लागते. सगळीकडे एकच शब्द दामटणारा अनुवादक पक्षाचा असतो, मग पक्ष कोणताही असो.

पैसा कोणाचा, वाचक कोण

याविषयी थोडक्यात. मॉस्कोत छापलेली मराठी पुस्तके एके काळी अगदी थोड्या किमतीत आपल्या जिल्ह्याच्या गावापर्यंत येत आणि ती कोणाच्या पैशाने येतात हे उघड होते. दुसऱ्या बाजूला सांस्कृतिक स्वातंत्र्याच्या नावाने चाललेल्या आंतरराष्ट्रीय संघटनेला अमेरिकेच्या सीआयएचा पैसा मिळत होता, हे १९६६-६७ मध्ये बाहेर आले. त्या संघटनेची भारतीय शाखा १९५१ पासून मुंबईत काम करत होती आणि तिच्याशी संबंध असलेल्या अनेक प्रामाणिक माणसांना ते ठाऊक नव्हते. पैशामुळे अनुवाद खोटा ठरत नाही. कोणता ग्रंथ निवडला गेला आणि कोणता राहिला, हे मात्र पैशावरून कळते. अनुदान, पुरस्कार, संस्था, पक्षाचे प्रकाशन, जे असेल ते मनोगतात एका वाक्यात लिहून मोकळे व्हावे.

परिभाषेसाठी दे. द. वाडेकरांनी संपादित केलेला मराठी तत्त्वज्ञान महाकोश आणि भाषा संचालनालयाचा तत्त्वज्ञान व तर्कशास्त्र परिभाषा कोश हे दोन्ही हाताशी असावेत. त्यांतला शब्द घेतला नाही तर का घेतला नाही, हे वहीत लिहावे. कोशांनाही कल असतो. संस्कृतची ओढ त्यांत सहज दिसते.

वाचून दाखवणे आणि मनोगत

मसुदा झाल्यावर तो मोठ्याने वाचून दाखवावा, आणि आपल्या मताच्या माणसांना दाखवून समाधान मानू नये. मी एक प्रकरण तीन ठिकाणी वाचले होते: उर्दूतून शिकलेल्या एका वृद्ध शिक्षकांसमोर, ज्ञानेश्वरीचे पारायण करणाऱ्या एका वारकरी गृहस्थांसमोर आणि आंबेडकरी चळवळीतल्या एका विद्यार्थिनीसमोर. शिक्षकांनी ‘न्याय’ आणि ‘इन्साफ’ यांतला फरक विचारला, गृहस्थांनी ‘हे कोणाचे म्हणणे, तुमचे की त्याचे?’ असे तीनदा थांबवून विचारले, आणि विद्यार्थिनीने ‘समाज’ या शब्दावर बोट ठेवून ‘म्हणजे कोणता समाज?’ एवढेच म्हटले. आपल्याकडे समाज म्हणजे पुष्कळदा जातच असते, हे मी लिहिताना विसरलो होतो. त्या तीन वाचनांत सतरा शब्द बदलले. वाद झाला, पण कोणी कोणाला दंड करा म्हटले नाही.

मनोगत सर्वांत शेवटी लिहावे आणि ते दोन पानांपेक्षा मोठे नसावे. मी त्यासाठी अनुबंधचतुष्टयाचीच चौकट वापरतो. विषयात ग्रंथ, आवृत्तीचे वर्ष आणि तो कितव्या हाताने आला ते येते. संबंधात लेखकाच्या निष्ठा, आपल्या निष्ठा आणि त्या जेथे एकमेकींना भिडल्या अशा चार-दोन जागा पृष्ठांकांसह द्याव्यात. प्रयोजनात हा ग्रंथ आत्ता का आणि पैसा कोणाचा, हे सांगावे. राहिला अधिकारी, त्या ठिकाणी मी ‘मराठी वाचता येणारा कोणीही’ असे लिहितो.